भावाचे गेम काढायचेत, पण त्याच्या सेव्हना धक्का लागता कामा नये

पैलतीर

मंडळी, एक अडचण आहे. घाईघाईत काही उडवून टाकायची माझी तयारी नाही, म्हणून आधी विचारते.

घरच्या डेस्कटॉपला एकच एसएसडी (फिरता भाग नसलेली वेगवान डिस्क) आहे, ५१२ जीबीची. विंडोज ती ४७६ जीबीची दाखवतं आणि त्यातले जेमतेम ९ जीबी उरलेत. सी ड्राइव्हची पट्टी लालभडक झालीये. मी मुलाखतींचे व्हिडिओ एडिट करते. परवा तासाभराची मुलाखत एक्सपोर्टला लावली, तर अगदी शेवटी येऊन डिस्क भरली म्हणून थांबली. पुन्हा लावली, पुन्हा तेच. काम द्यायची तारीख जवळ आलीये.

हा कॉम्प्युटर आधी माझा धाकटा भाऊ वापरायचा. तो आता शिकायला बाहेर असतो आणि त्याच्याकडचा लॅपटॉप साधा आहे, त्यामुळे त्याचे सगळे गेम इथेच राहिलेत. स्टीमवर, म्हणजे गेम विकत घेऊन चालवायच्या अ‍ॅपवर, रेड डेड रिडेम्प्शन २, बाल्डर्स गेट ३ आणि स्टारड्यू व्हॅली, शिवाय वेगळं माइनक्राफ्ट, जावा एडिशन. फोन केला तर म्हणाला, "ताई, गेम खुशाल काढ, पण सेव्ह जपून ठेव." सेव्ह म्हणजे खेळ कुठवर आलाय त्याची साठवलेली नोंद. मग माइनक्राफ्टबद्दल बराच वेळ सांगत बसला. शाळेत असल्यापासून तो आणि त्याचा मित्र मिळून एक गाव बांधतायत. त्यात डोंगराच्या पोटातून जाणारी रेल्वे आहे, नदीवर कमानींचा पूल आहे, आणि एक वाचनालय आहे ज्यातली पुस्तकं त्यांनी स्वतः लिहिलीत. ते गाव माझ्या हातून पुसलं गेलं तर मला स्वतःलाच फार वाईट वाटेल.

मी गेम खेळत नाही. अनइन्स्टॉल केल्यावर सेव्ह जातात की राहतात? ते असतात तरी कुठे? आणि गेमचं फोल्डर सरळ डिलीट केलं तर चालतं का?

टकटक

फोल्डर सरळ डिलीट करू नका. स्टीम उघडा, लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक, मग मॅनेज, मग अनइन्स्टॉल. गेम विकत घेतलेला असल्यामुळे तो खात्यावर राहतोच, भाऊ परत आला की पुन्हा डाउनलोड करेल.

कुठला गेम किती जागा खातोय ते स्टीमच्या सेटिंग्जमध्ये स्टोरेजखाली दिसतं. विंडोजच्या अ‍ॅप्सच्या यादीवर विसंबू नका, तिथे स्टीमच्या गेमपुढे बऱ्याचदा आकारच नसतो. आणि डेस्कटॉपवरचा आयकॉन कचऱ्यात टाकला तर नुसता शॉर्टकट जातो, एक एमबीही सुटत नाही.

रात्रपाळी

ताई, आधी विचारलंत हे फार बरं केलंत. सेव्ह या विषयावर मला मनापासून लिहायचंय, थोडं लांबेल.

तुमच्या डिस्कवर दोन प्रकारच्या गोष्टी आहेत. एक म्हणजे गेमचा माल: चित्रं, आवाज, नकाशे. हा प्रचंड असतो. रेड डेड २ आणि बाल्डर्स गेट ३ हे दोन्ही इन्स्टॉल करताना १५०-१५० जीबी जागा मागतात. पण हा माल जगात प्रत्येकाकडे सारखाच असतो, कधीही परत उतरवता येतो. दुसरी गोष्ट म्हणजे तुमच्या भावाने केलेलं काम, म्हणजे सेव्ह. ते त्या मानाने चिमूटभर असतं आणि इंटरनेटवरून परत मिळेलच असं नाही. सुदैवाने या दोन गोष्टी बहुतेक वेळा वेगवेगळ्या फोल्डरात असतात, म्हणूनच गेम अनइन्स्टॉल केला तरी सेव्ह सहसा जागेवर राहतात. पण त्या "सहसा"वर कुणाची वर्षानुवर्षांची मेहनत सोडू नये. काही जुने गेम सेव्ह स्वतःच्याच फोल्डरात ठेवतात. तेव्हा आधी कॉपी, मग अनइन्स्टॉल.

तुमच्या चार गेमचे पत्ते सांगतो. विंडोजची खूण आणि आर दाबून येणाऱ्या चौकटीत पर्सेंटचं चिन्ह, लगेच अ‍ॅपडेटा, पुन्हा पर्सेंटचं चिन्ह असं इंग्रजीत टाइप करून एंटर करा. रोमिंग नावाचं फोल्डर उघडेल. एरवी ते लपवलेलं असतं, त्यामुळे शोधत बसलात तर सापडणार नाही.

स्टारड्यूचं फोल्डर तिथेच आहे, त्यात सेव्हज. माइनक्राफ्टचंही तिथेच, फक्त त्याच्या नावाच्या सुरुवातीला टिंब आहे. त्यातलं सेव्हज उघडा. प्रत्येक जगाचं वेगळं फोल्डर दिसेल, आणि त्या फोल्डरात आयकॉन नावाचं एक चिमुकलं चौकोनी चित्र असतं, त्या जगाचा छोटासा फोटोच म्हणा. त्यावरून भावाचं गाव कुठलं ते तुम्हालाही ओळखता येईल. आत लेव्हल नावाची फाइल आणि रीजन नावाचं फोल्डर आहे का ते बघा. जमीन, पूल, रेल्वे सगळं त्या रीजनमध्ये असतं. त्यातली एखादीच फाइल उचलू नका, जगाचं अख्खं फोल्डर कॉपी करा. शेजारी स्क्रीनशॉट्स नावाचं फोल्डर असेल तर तेही घ्या. त्याने मागितलं नसलं तरी नंतर त्याला हवं असणार.

बाल्डर्स गेटसाठी रोमिंगमधून एक पायरी वर या, लोकलमध्ये शिरा, तिथे लॅरियन स्टुडिओज, त्यात गेमच्या नावाचं फोल्डर, त्यात प्लेयर प्रोफाइल्स. रेड डेडचे सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये रॉकस्टार गेम्सच्या फोल्डरात, प्रोफाइल्सखाली. दोन्ही ठिकाणी प्रोफाइल्सचं फोल्डर पूर्ण उचला.

या प्रती त्याच डिस्कवर ठेवू नका. पेनड्राइव्हवर एक आणि ऑनलाइन कुठेतरी एक ठेवा. मग माइनक्राफ्टच्या मूळ फोल्डरावर आणि कॉपीवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा. फाइलींची संख्या दोन्हीकडे तीच आली पाहिजे.

लायब्ररीत गेमच्या पानावर ढगाचं चिन्ह दिसलं तर स्टीम क्लाउडवरही प्रत आहे. छान आहे, पण ढगावर एकट्यावर भिस्त नको. क्लाउड हे तुमच्या डिस्कचं प्रतिबिंब ठेवतं. सिंक चालू असताना सेव्हचं फोल्डर इथून उडवलंत तर तीच "सफाई" तिकडेही होऊ शकते. म्हणून जागेसाठी सेव्हच्या फोल्डरांना हातच लावू नका, त्यातून मिळणार तरी किती!

आणखी एक, आणि हे ठळक अक्षरात वाचा. गेम काढायचे म्हणून स्टीमच अनइन्स्टॉल करू नका. त्याच्याबरोबर त्याच्या फोल्डरातले सगळे गेम एका झटक्यात जातात.

पैलतीर

रात्रपाळी, मनापासून आभार. माइनक्राफ्टचं फोल्डर सापडलं. त्यात सात जगं आहेत. गाव त्या छोट्या चित्रावरून लगेच ओळखलं, पुलाच्या कमानी दिसतात! दोन ठिकाणी कॉपी केली आणि फाइलींची संख्या जुळवून पाहिली.

आता दोन गोष्टी. एक, स्टारड्यू आणि माइनक्राफ्ट काढून काही फायदा आहे का? दुसरी, भावाकडे इंटरनेटला महिन्याची मर्यादा आहे. सुट्टीत हा कॉम्प्युटर त्याच्याकडे जाणार आहे, तेव्हा दीडशे जीबी पुन्हा उतरवणं त्याला जड जाईल. माझ्याकडे एक बाहेरून जोडायची हार्ड डिस्क आहे, जुनी, फिरणारी. तिच्यावर काही हलवता येईल का?

साखळदंड

स्टारड्यू राहू द्या, तो एक जीबीचासुद्धा नाही. माइनक्राफ्टही राहू द्या. छोटे गेम काढून डिस्क रिकामी होत नाही, उगाच भावाची सोय तेवढी जाते. हात घालायचा तो पहिल्या दोन मोठ्यांनाच.

हलवता नक्की येतं. डिस्क जोडा, स्टीमच्या सेटिंग्जमध्ये स्टोरेजला जाऊन तो ड्राइव्ह जोडून घ्या, मग गेम निवडून मूव्ह करा. स्टीम स्वतःच सगळं उचलून नेतं, पुन्हा डाउनलोड लागत नाही. त्याआधी त्या डिस्कचा फॉरमॅट, म्हणजे फाइली साठवायची पद्धत, बघा. जुन्या डिस्क कधीकधी फॅट३२ असतात, आणि तिच्यावर ४ जीबीपेक्षा मोठी एकही फाइल बसत नाही. मोठ्या गेमांमध्ये अशा फाइली हमखास असतात. एनटीएफएस असेल तर निश्चिंत. फॉरमॅट बदलायचा झाला तर डिस्कवरचं सगळं पुसलं जातं, तेव्हा तिच्यावरचे फोटोबिटो आधी काढून घ्या.

रेड डेड फिरत्या डिस्कवरून चालतो, फक्त लोड व्हायला वेळ घेतो. बाल्डर्स गेट ३ ला मात्र एसएसडीच लागते, तशी त्याची अटच आहे. तो बाहेर नुसता साठवून ठेवायचा आणि खेळायच्या वेळी मूव्हनेच परत आत आणायचा. मर्यादित इंटरनेटवर हाच उत्तम मार्ग आहे. स्टीम उघडं असताना केबल मात्र ओढू नका.

तुमच्या ४७६ चं कोडंही सोडवून टाकतो, डिस्कमध्ये काही खोट नाही. डिस्क बनवणारे हजारच्या पटीत मोजतात आणि विंडोज १०२४ च्या पटीत. त्याच हिशोबाने १ टीबीची डिस्क ९३१ जीबी दिसते.

गेम एवढे मोठे का, असा प्रश्न तुम्हाला पडला असेल. बरंचसं वजन फोर-के चित्रांचं आणि वेगवेगळ्या भाषांतल्या आवाजांचं असतं. फॉलआउट ४ साठी २०१७ मध्ये नुसता जास्त बारकाव्याच्या चित्रांचा जो गठ्ठा आला, तोच ५८ जीबीचा होता. काही वेळा तर वजन कमीही करता येतं. हेलडायव्हर्स २ पीसीवर दीडशे जीबीच्या घरात होता. फिरत्या डिस्कवर लवकर लोड व्हावा म्हणून त्यात तोच तो डेटा अनेक जागी ठेवलेला होता. २०२५ च्या अखेरीस त्या जादा प्रती काढून तो २३ जीबीवर आणला. खेळणाऱ्याला काही कमी पडलं नाही. हे काम सगळ्यांनी मनावर घ्यावं असं मला फार वाटतं, कारण प्रत्येकाला मोठी डिस्क परवडत नाही.

रात्रपाळी

साखळदंड यांच्याशी सहमत. ताई, तुम्ही व्हिडिओ एडिट करता म्हणालात, तर तुमच्या एडिटरचा कॅशे, म्हणजे त्याने कामापुरत्या बनवलेल्या तात्पुरत्या फाइली, त्याही बघा. दाविंची रिझॉल्व्ह कॅशे-क्लिप नावाचं फोल्डर भरत जातं, प्रीमियर मीडिया कॅशे फाइल्स. दोन्ही एडिटरच्या मेनूतूनच साफ करता येतात. मूळ फुटेजला काही होत नाही, पुढच्या वेळी प्रोजेक्ट उघडायला थोडा वेळ लागेल इतकंच. नेमकं काय कुठे बसलंय ते पाहायला विझट्री वापरा. एनटीएफएस डिस्कची यादीच थेट वाचतं, त्यामुळे काही क्षणांत अख्ख्या डिस्कचं चित्र समोर येतं. भावाने गेम खेळताना रेकॉर्ड केलेल्या क्लिप व्हिडिओजमधल्या कॅप्चर्स फोल्डरात असू शकतात. त्या त्याला विचारल्याशिवाय काढू नका.

सगळं करून झालं की रिसायकल बिन रिकामं करा. ते भरलेलं असेपर्यंत जागा सुटत नाही. आणि डिस्क पुन्हा काठोकाठ भरू देऊ नका. एसएसडीला लिहायला मोकळे ब्लॉक लागतात, ते कमी पडले की ती मंदावते. तुमच्या कामात तर सतत मोठ्या फाइली लिहिल्या जातात, पंधरा-वीस टक्के मोकळी राहिलेली बरी.

पैलतीर

झालं! बाहेरची डिस्क एनटीएफएसच निघाली. दोन्ही मोठे गेम तिच्यावर हलवले, एडिटरचा कॅशे साफ केला, आणि आता सी ड्राइव्हवर तीनशे जीबीच्या आसपास जागा मोकळी आहे. मुलाखत एक्सपोर्टही झाली, एका दमात. माइनक्राफ्ट उघडून भावाला व्हिडिओ कॉलवर गाव दाखवलं. वाचनालयापर्यंत मला चालत नेताना त्यालाच जास्त आनंद होत होता.

एक शेवटचं. विझट्रीत लॅरियनचं फोल्डर अजून ११ जीबीचं दिसतंय. गेम तर बाहेर गेला, मग हे काय आहे? काढू का?

रात्रपाळी

नका काढू. त्यात सेव्ह आहेत, आणि मॉड (खेळणाऱ्यांनी गेमसाठी बनवलेले जोड-बदल) वापरत असेल तर मॉड्स नावाचं फोल्डरही. भाऊ दर लढाईआधी क्विकसेव्ह मारणाऱ्यांपैकी, म्हणजे एक बटण दाबून झटपट सेव्ह करणाऱ्यांपैकी, दिसतोय, तसे साठत जातात. तीनशे जीबी मोकळे असताना या ११ ची घाई नाही. सुट्टीत कॉम्प्युटर त्याच्याकडे जाईल तेव्हा गेम आत आणून, गेमच्याच लोडच्या यादीतून नको ते सेव्ह त्याला स्वतःला काढू दे. कुठल्या सेव्हमध्ये काय आहे हे त्यालाच ठाऊक, आणि तिथून काढले की क्लाउडवरचा हिशोबही नीट राहतो.