मेलिएस: जादूगार की संकलनाचा पहिला कारागीर?

मूकपट: सुरुवातीच्या काळातला फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएस (१८६१–१९३८) याला सरसकट ‘सिनेमाच्या भाषेचा जनक’ म्हणतात, ते मला पटत नाही. पॅरिसमध्ये १८८८ पासून जादूचं थिएटर चालवणाऱ्या या माणसाने कॅमेरा प्रेक्षकाच्या खुर्चीत बसवला, तो तिथून हललाच नाही. त्याच्या १९०२च्या चंद्रप्रवासाच्या चित्रपटात यान चंद्राच्या डोळ्यात घुसतं आणि पुढच्याच दृश्यात पुन्हा चंद्रावर उतरतं. एकच घटना दोनदा!

कात्रीडिंक: कॅमेरा हलला नाही, मान्य. पण माणूस गायब करायला नुसता कॅमेरा थांबवून भागत नाही. हँडल हाताने फिरवायचं: एका फेऱ्याला फिल्मच्या ८ चौकटी (फ्रेम), सेकंदाला २ फेरे. थांबताना आणि पुन्हा सुरू करताना गती मंदावते, तेवढ्या चौकटींवर जादा उजेड पडतो आणि पडद्यावर पांढरा झटका बसतो. म्हणून त्या चौकटी कापून टोकं चिकटवावी लागत. जोडाच्या खुणा वाचलेल्या प्रतींत दिसतात. हात कुठे होता, धूर कुठवर चढला होता, ते जुळवून नेमकी चौकट निवडायची. हे संकलन नाही तर काय?

मूकपट: जोड आहे, पण लपवण्यासाठी. एकच शॉट चालू आहे असं भासवणं वेगळं, दोन शॉट शेजारी ठेवून अर्थ घडवणं वेगळं. मी दुसऱ्याला संकलन म्हणतो.

उलटगिरकी: आणि १९०१च्या चित्रपटातलं, टेबलावर ठेवलेलं ते फुगणारं रबरी डोकं? तिथे मेलिएस स्वतः चाकाच्या खुर्चीत बसून कॅमेऱ्याकडे सरकतो. जमीन सपाट असती तर डोकं मोठं होताना मान टेबलाच्या रेषेखाली गेली असती, म्हणून चढण बांधली. मागे गडद काळा पडदा, आणि तीच फिल्म मागे गुंडाळून दुसऱ्यांदा उजेडात. काळा पुरेसा काळा नसला की चेहऱ्यातून मागचं आरपार दिसतं. १९००च्या एका चित्रपटात त्याने एकट्याने सात वादक साकारले, म्हणजे फिल्म सात वेळा चालली. सातव्या वेळी चुकलं की आधीच्या सहाही वाया. रंगमंचावर हे होणे नाही.

मूकपट: ‘प्रेक्षकाची खुर्ची’ हे शब्द मागे घेतो. दोनदा उतरणाऱ्या यानाचं काय?

कात्रीडिंक: अमेरिकन दिग्दर्शक पोर्टरनेही १९०३च्या चित्रपटात आगीतली सुटका आधी खोलीच्या आतून आणि मग तीच बाहेरून, अशी दोनदा पूर्ण दाखवली. तेव्हा गोष्ट अशीही सांगत.

मूकपट: मग पोर्टरलाही जनक म्हणू नका.