धिंड काढून पोरं सुधारतात का?

दांडेकरपूल: काल इथे एकाने लिहिलं, "गाड्या फोडणाऱ्या पोरांची त्यांच्याच गल्लीत धिंड काढावी. वस्तीतली पोरं जन्मतःच तशी." दुसरं वाक्य वाचून तळपायाची आग मस्तकात गेली. मी पुण्यातल्या जनता वसाहतीत वाढलो. पर्वतीच्या उतारावर दहा बाय दहाची खोली, माणसं सहा. पोरगं रात्री अकरापर्यंत बाहेरच असणार, आत पाय पसरायला जागा नाही. बाहेर भाई भेटतो. वडापाव चारतो, गाडीवर फिरवतो, वाढदिवसाच्या फ्लेक्सवर फोटो टाकतो. माझ्या वर्गातल्या एकाचा फोटो नववीत असताना फ्लेक्सवर लागला. शाळेनं त्याचं नाव कधी कौतुकानं घेतलं नव्हतं. दहावीच्या परीक्षेला तो निरीक्षणगृहात, म्हणजे अल्पवयीन आरोपींना ठेवतात तिथे. अठराच्या आतल्याची ओळख उघड करायला 2015च्या बाल न्याय कायद्याचं कलम 74 मनाई करतं. आणि धिंडीचा व्हिडिओ पोरं गाणं लावून स्टेटसला ठेवतात. जरब कुठे बसली?

बिबवेवाडीचा रिक्षावाला: माझ्या रिक्षाची काच फोडली. तीन दिवस धंदा बंद, हप्ता चालूच. कलमं मला सांगू नका. सोळा ते अठराच्या पोरानं खून केला तर मोठ्यांसारखा खटला चालू शकतो, तेही त्याच कायद्यात आहे. ते का गाळलंत?

सहकारनगर: मुळात रिक्षा रस्त्यावर का लावता? आम्हाला फुटपाथवरून चालता येत नाही.

बिबवेवाडीचा रिक्षावाला: मग काय खोलीत लावू? तुमच्या सोसायटीतल्या घरटी दोन गाड्याही गेटबाहेरच असतात!

सहकारनगर: आम्ही कर भरतो.

बिबवेवाडीचा रिक्षावाला: परमिट, विमा, पासिंग मी फुकटात करतो का? तोंड सांभाळून बोला.

दांडेकरपूल: अहो, विषय पार्किंगचा नाही!

हडपसरची मावशी: 2023 साली कोयता विकताना आधार कार्ड घ्या म्हणून पोलिसांनी दुकानदारांना सांगितलं. माझ्या भाच्याला कोयता विकत घ्यावा लागलाच नाही, मोठ्या पोरांनी हातात दिला. चौदा वर्षांचा होता. बहीण चार घरची धुणीभांडी करून रात्री नऊला यायची. ती येईपर्यंतच्या पाच तासांत त्याला कुणी बसवून घेतलं असतं तर? निरीक्षणगृहातून सुटल्यावर गॅरेजवाल्यानं ठेवून घेतला, म्हणून आज कमावतोय. पण सगळ्यांना असा गॅरेजवाला भेटत नाही.

बिबवेवाडीचा रिक्षावाला: माझाही पोरगा पंधराचा आहे, रात्री कट्ट्यावरच असतो. अभ्यासिका हवी, तालीम हवी, मान्य. धिंडीनं माझी काच आली नाही, तेही मान्य. पण भरपाईचं एकानंही लिहिलं नाही. साडेतीन हजार गेले माझे.