मदत हवी आहे : ‘दानाचा जुलूम’ याहून बरा शब्द सुचवा

नमस्कार मंडळी. येत्या रविवारी इंदूरला, रामबागेतल्या आमच्या वाचनकट्ट्यावर रेने फॉक्स या अमेरिकन समाजशास्त्रज्ञ बाईंवर बोलायचंय आणि मी एका शब्दापाशी अडून बसलेय.

अवयव प्रत्यारोपणाबद्दल लिहिताना फॉक्स आणि त्यांच्या सहलेखिका ज्यूडिथ स्वेझी यांनी फ्रेंच समाजशास्त्रज्ञ मार्सेल मोसचा भेटींबद्दलचा धागा धरला: भेट द्यावी लागते म्हणजे द्यावंच लागतं, घ्यावं लागतं, परतही करावं लागतं. आता किडनी परत कशी करणार? या न फिटणाऱ्या ऋणाला त्या ‘टिरनी ऑफ द गिफ्ट’ म्हणतात. मी ‘दानाचा जुलूम’ केलं, पण आपल्याकडे दान म्हटलं की परतफेडीचा प्रश्नच मिटतो. इथे तर तोच प्रश्न आहे!

माझ्या आत्यानं काकांना किडनी दिली. तेव्हापासून काका तिच्याशी वाद घालत नाहीत, पोह्यांवरची शेवसुद्धा आधी तिच्या बशीत. आत्या वैतागते, “अरे, भांड की माझ्याशी!”

हे सगळं मावेल असा शब्द हवाय. ‘उपकाराचं ओझं’ फार गुळगुळीत वाटतं. डॉक्टर मंडळी, घरचाच दाता असला की वॉर्डात काय बोलतात हो?

आणि फॉक्स-स्वेझींचं १९९२ चं ‘स्पेअर पार्ट्स’ हे पुस्तक इंदुरात कुणाकडे असेल तर आठवडाभर द्या. परत नक्की करीन.