किडनी ‘एन्हान्स’ होते म्हणजे मराठीत नक्की काय होते?

सीटी स्कॅनला येणाऱ्या पेशंटसाठी एक माहितीपत्रक मराठीत करायला घेतलंय. बाकी सगळं सुरळीत चाललं होतं, मग किडनीचं पान आलं आणि अडलं. त्या एका पानावर ‘एन्हान्समेंट’ अकरा वेळा आहे, मोजलं मी. दोन्ही किडन्यांत सिमेट्रिकल एन्हान्समेंट, नॉन-एन्हान्सिंग सिस्ट, डिलेड नेफ्रोग्राम, स्ट्रायेटेड नेफ्रोग्राम, असं बरंच. शब्दकोश म्हणतो एन्हान्समेंट म्हणजे वृद्धी, वाढ, संवर्धन. पहिल्या मसुद्यात मी ‘दोन्ही मूत्रपिंडांत समान वृद्धी’ असं ठोकून दिलं आणि घरात वाचायला दिलं, तर पहिलाच प्रश्न, “म्हणजे दोन्हीकडे वाढलंय का?” काय वाढलंय हे विचारायची गरजच नव्हती, चेहरा बघून कळत होतं. तर वृद्धी बाद. दुसरं काय सुचतंय? आणि खरं सांगायचं तर त्या वेळी किडनीत नक्की होतं काय तेच मला नीट कळलेलं नाही, ते कळल्याशिवाय शब्द सापडायचा नाही असं वाटतंय.

—

दादा, शेवटचं वाक्य लाख मोलाचं. मी रोज हेच रिपोर्ट लिहिते, म्हणून आधी काय होतं ते सांगते, शब्द नंतर.

शिरेतून आयोडीन असलेलं औषध देतात. आयोडीनचा अणू जड असल्यामुळे ते एक्स-रे चांगलेच अडवतं आणि सीटीत जे जास्त अडवतं ते पांढरं दिसतं. रक्त जिथे जास्त तिथे औषध जास्त, तिथे चित्र जास्त पांढरं. एवढंच एन्हान्समेंट. वाढतं ते फक्त पांढरेपण, किडनी आहे तेवढीच राहते. मी मराठीत बोलताना सरळ ‘उजळणं’ म्हणते. किडनी उजळली, गाठ उजळली नाही. पेशंटला एका झटक्यात कळतं.

किडनीचं खास असं की ती एकदाच उजळत नाही, टप्प्याटप्प्याने उजळते. हृदयातून निघणाऱ्या रक्ताचा पाचवा हिस्सा, कधी त्याहून थोडा जास्तच, या दोन मुठीएवढ्या अवयवांकडे जातो आणि त्यातलं बहुतेक बाहेरच्या थराला, म्हणजे कॉर्टेक्सला, मिळतं. म्हणून औषध दिल्यावर साधारण 30 ते 40 सेकंदांनी फोटो काढला तर बाहेरचा थर लख्ख आणि आतले त्रिकोणी भाग काळपट, अशी झकास नक्षी दिसते. मग औषध गाळलं जाऊन आतल्या नळ्यांत उतरतं आणि 90 ते 100 सेकंदांच्या आसपास अख्खी किडनी एकसारखी उजळते, हाच नेफ्रोग्राफिक टप्पा. आणि काही मिनिटांनी औषध लघवीबरोबर मधल्या पोकळीत आणि खाली नळीत उतरलं की ती पोकळी पांढरीफटक. एकच किडनी, तीन वेळा तीन रूपं. हे माहीत नसलं तर पहिल्या टप्प्यातली नक्षी बघून कुणालाही वाटेल की काहीतरी बिघडलंय.

—

उजळणं छान आहे पण नाम कसं करणार? ‘उजळणी’ म्हटलं की पाढे आठवतात. ‘किडनीची समान उजळणी’, हसतील लोक. शिवाय क्रियापद बोलण्यात ठीक, छापील मजकुराला जरा भारदस्त शब्द हवा, नाहीतर पेशंटला वाटेल डॉक्टरच कच्चा आहे. माझी सूचना ‘प्रतिमावर्धन’. आणि किडनी कशाला, वृक्क हा चांगला संस्कृत शब्द आहे की. कॉर्टेक्सला बाह्यक म्हणा. फेजला प्रावस्था.

—

काका, राग मानू नका, पण ‘वृक्क-बाह्यकाचे प्रावस्थानुरूप प्रतिमावर्धन’ हे वाचून पेशंट स्कॅनशिवायच घरी जाईल :) प्रतिमावर्धन ऐकून तर मला फोटो मोठा करून दिला असंच वाटलं असतं, ते झूम झालं.

मी स्वतः दोनदा या मशीनमध्ये जाऊन आलोय म्हणून पेशंटच्या बाजूने बोलतो. माझ्या डोक्यात ‘डाय’ या शब्दाने घोळ घातला होता. सगळे डाय म्हणतात, ‘डाय देऊन सीटी’, म्हणून मला वाटलेलं आत रंग सोडतात आणि लघवी निळी-बिळी होणार. दोन दिवस बघत होतो. काही नाही, ते औषध दिसायला पाण्यासारखं. रंग हा शब्द पत्रकात अजिबात नको, हे माझं कळकळीचं म्हणणं.

दुसरं म्हणजे ‘लीजन’. माझ्या रिपोर्टचं कुणीतरी मराठी करून दिलं होतं त्यात लिहिलेलं ‘डाव्या मूत्रपिंडात 14 मिमी व्रण’. व्रण म्हणजे आपल्याकडे जखम किंवा तिची खूण. मी विचार करतोय आत जखम कधी झाली, पडलो तर कधी नव्हतो. शेवटी निघाली साधी पाण्याची गाठ.

—

हो, लीजनला व्रण हा नेहमीचा घोटाळा. लीजन म्हणजे ‘आजूबाजूपेक्षा वेगळी दिसणारी जागा’ इतकंच, चांगलं-वाईट काही नाही त्यात. मी ‘वेगळी दिसणारी जागा’ असंच लिहीन, लांबलं तरी चालेल.

आणि तुमची ती पाण्याची गाठ हेच या शब्दाचं सगळ्यात महत्त्वाचं काम, म्हणून इथे थोडं थांबते. सीटीत प्रत्येक ठिपक्याला एक आकडा असतो, हाउन्सफील्ड युनिट, आम्ही बोलताना नुसतं एचयू म्हणतो. पाणी 0, हवा उणे 1000, चरबी उणे 100 च्या आसपास. ही मोजपट्टी ज्यांच्या नावाची ते हाउन्सफील्ड, सीटी मशीन घडवणारे, 1979 चं नोबेल त्यांना कॉर्मॅक यांच्याबरोबर मिळालं. तर साध्या सिस्टचा, म्हणजे पाण्याच्या गाठीचा, आकडा 0 ते 20 मध्ये असतो आणि औषध दिल्यावरही जागचा हलत नाही, कारण आत रक्तवाहिन्याच नाहीत, औषध जाणार कुठून. आकडा 20 किंवा त्याहून जास्तने चढला तर ती जागा उजळली असं धरतात, म्हणजे आत जिवंत, रक्त पिणारं काहीतरी आहे आणि मग गाठीचा विचार करावा लागतो. 10 ते 20 ने चढला तर तळ्यात-मळ्यात. त्यातही गंमत अशी की सिस्ट लहान असली, दीड सेंटीमीटरच्या आतली आणि चहूबाजूंनी लख्ख किडनी, तर मशीनच्या हिशोबात शेजारचं पांढरेपण थोडं तिच्याही नावावर चढतं आणि आकडा उगाच वाढलेला दिसतो. त्याला स्यूडोएन्हान्समेंट म्हणतात. याला मराठी शब्द माझ्याकडे आयता आहे, ‘उसनं उजळणं’.

म्हणून ‘नॉन-एन्हान्सिंग’ हा बहुतेक वेळा दिलासा देणारा शब्द आहे हे पत्रकात कळलं पाहिजे. ‘वृद्धी नसलेली’ म्हटलं तरी अर्थ चुकतो, लोकांना वाटतं गाठ वाढत नाहीये, म्हणजे मागच्या वेळेएवढीच आहे. मापाचा इथे संबंधच नाही. ‘औषधाने न उजळणारी पाण्याची गाठ’ लिहा. सिस्टला नुसतं गाठ मात्र कधीच नको, पुढे ‘पाण्याची’ हवंच.

—

वा, उसनं उजळणं घेतलंच म्हणून समजा. आता ते नेफ्रोग्राम. मी ‘वृक्कालेख’ लिहून ठेवलाय आणि स्वतःच बिचकतोय.

—

खोडा तो. नेफ्रॉस ग्रीकमध्ये किडनी हे खरं, पण नेफ्रोग्राम म्हणजे आलेख नाही आणि वेगळी तपासणीही नाही. मला एका आजींनी ‘नेफ्रोग्राम नॉर्मल’ हे वाचून विचारलेलं, “बाई, तो केला कधी? मला फक्त सीटीच केल्याचं आठवतंय.” शब्द जुन्या एक्स-रेच्या जमान्यातला आहे. शिरेतून औषध देऊन किडनीचे फोटो काढायची पद्धत 1929 च्या सुमारास रुळायला लागली, त्यात किडनीचं मांस उजळायचं तो नेफ्रोग्राम आणि मधली पोकळी उजळायची तो पायलोग्राम. सीटी आलं तरी शब्द तसाच चिकटून राहिला. म्हणून सरळ ‘किडनीचं उजळणं’ म्हणा, पुन्हा तेच, वेगळा शब्द नकोच.

आणि हो, रेनोग्राम वेगळा बरं का! रेन हे लॅटिन, अर्थ तोच किडनी, पण रेनोग्राम ही किरणोत्सारी औषधाची तपासणी, कुठली किडनी किती टक्के काम करते ते सांगणारी, आणि तिच्यात खराखुरा आलेख निघतो. वृक्कालेख शब्द वाया घालवायचा नसेल तर तिकडे द्या.

आता नक्ष्या. डिलेड म्हणजे एक किडनी दुसरीच्या मागे पडलेली. एका बाजूच्या नळीत खडा अडकलाय, मागे दाब साठलाय, गाळणं मंदावलंय, तर तिकडची किडनी एकसारखी उजळून मोकळी झालेली असते तेव्हा इकडची अजून पहिल्याच टप्प्यात, नुसता बाहेरचा थर पांढरा. आणि उशिरा उजळलेली ही बाई उशिरापर्यंत तशीच उजळलेली राहते, औषध पुढे सरकतच नाही. रक्तवाहिनी अरुंद झाली असेल तरी किडनी मागे पडते. ‘विलंबित’ म्हटलं की ख्याल सुरू होतो, ‘उशिरा उजळणारी’ पुरे. पर्सिस्टंट म्हणजे ‘रेंगाळलेलं’, दोन्हीकडे रेंगाळलं असेल आणि पोकळीत काहीच उतरत नसेल तर आम्ही आधी पेशंटचं बीपी विचारतो, कारण बीपी खूप पडल्यावर असं होतं.

स्ट्रायेटेडला ‘पट्टेरी’. आतून बाहेर पसरणारे काळे-पांढरे पट्टे, हातपंख्याच्या काड्यांसारखे. किडनीला जंतुसंसर्ग होऊन सूज आली की हे फार दिसतं, काही नळ्या तुंबतात आणि काही चालू असतात, त्याचे हे पट्टे. पण पट्टे म्हणजे संसर्गच असं नाही, अडकलेला खडा, शिरेत गुठळी, मार लागणं, कशानेही येतात. ताप आहे का, लघवीत पस आहे का, ते बघून ठरतं.

—

वेज शेप्डला मी ‘त्रिकोणी’ केलंय, चालेल?

—

चालेल, पण मराठीत ‘पाचर’ असताना त्रिकोणी कशाला? पाचरीसारखा न उजळलेला भाग. लाकडात ठोकतात ती बारकी, निमुळती, टोक आत. ही सूचना तरी मान्य व्हावी, प्रतिमावर्धन मी मागे घेतो.

—

काका, पाचर शंभर टक्के! आकार अगदी तसाच असतो, रुंद बाजू बाहेर आणि टोक आत. रक्तवाहिनीच्या एखाद्या फांदीचं रक्त बंद पडलं की तेवढी पाचर उजळतच नाही. आणि त्यावर कधीकधी बाहेरून दोन-चार मिलिमीटरची एक पातळ उजळ कड राहते, कारण किडनीच्या वेष्टणाकडून येणाऱ्या बारीक वाहिन्या तेवढी कड जगवतात. ही रिम साइन. पहिल्या काही तासांत बहुधा दिसत नाही, नंतर उमटते. जंतुसंसर्गातही पाचर दिसते पण तिला अशी कड सहसा नसते, म्हणून या कडेला एवढा भाव. रिमला तुम्ही काय म्हणाल?

—

किनार. काळ्या लुगड्याला पांढरी किनार.

—

घेतलं. आणि उलटं असलं तर, म्हणजे बाहेरचा थर काळा आणि आतला उजळ? रिव्हर्स रिम असं लिहिलंय इथे.

—

ते बाहेरचा थर मेला की दिसतं, क्वचितच आणि बरेचदा दोन्हीकडे. पण उलटी किनार म्हटलं तर कुणाला काय कळणार, तिथे तुम्ही ‘आत उजळ, बाहेर काळी’ असं सरळ वर्णनच लिहा. पेशंटच्या पत्रकात हे हवंच कशाला हा खरा प्रश्न आहे, मला विचाराल तर ती ओळ गाळा.

—

गाळली. आता अकरापैकी नऊ ठिकाणी ‘उजळणं’ बसलंय, दोन ठिकाणी नामच हवं होतं तिथे वाक्य फिरवून घेतलं. ‘दोन्ही किडन्या सारख्याच आणि वेळेवर उजळल्या.’ घरी पुन्हा वाचायला दिलं, “मग बरं आहे की” असं म्हणून चष्मा काढून ठेवला.