मदत हवी आहे: दापोलीजवळच्या गावातून नॉकची नोकरी, दुसरी लाइन आणि 'आठवड्यातून तीन दिवस ऑफिस'

माजघर:

नमस्कार मंडळी. एरवी मी वाचनमात्र असते, आज अडलंय म्हणून लिहितेय. जरा लांबेल, सांभाळून घ्या.

मी पुण्यातल्या एका कंपनीत आहे. युरोपातल्या एका मोबाइल ऑपरेटरचं नेटवर्क आम्ही इथून सांभाळतो. म्हणजे नॉक (नेटवर्क ऑपरेशन्स सेंटर, नेटवर्कवर नजर ठेवणारी खोली): समोर अलार्म, हातात तिकिटं, म्हणजे बिघाडांच्या नोंदी. माझं काम ट्रान्समिशनचं, म्हणजे टॉवर आणि केंद्रं जोडणाऱ्या लाइनींचं. एखादी फायबरची रिंग तुटली किंवा मायक्रोवेव्ह लिंक पडली की आधी पहिल्या पातळीवरची मुलं बघतात, त्यांना नाही जमलं की माझ्याकडे येतं. शिफ्ट दुपारी अडीच ते रात्री साडेअकरा. मोठा आउटेज (नेटवर्क बंद पडणं) असला की ब्रिज कॉल, म्हणजे सगळ्यांचा एकत्र फोन, सुरू होतो आणि मग घड्याळाला अर्थ राहत नाही.

'नॉक घरून चालूच शकत नाही' हे नोकरीला लागल्यापासून ऐकत होते. मार्च २०२० मध्ये एका आठवड्यात आम्ही सगळे घरी गेलो आणि ते चाललं. गेल्या वर्षी बाबांना अर्धांगाचा झटका आला. आई एकटीने त्यांना उचलू शकत नाही, म्हणून मी दापोलीपासून १२ किलोमीटरवरच्या आमच्या गावी आले. नवरा आणि अकरावीतली मुलगी पुण्यात. महिन्यातून एकदा मी जाते, एकदा ते येतात.

आता मेल आलाय: १ तारखेपासून आठवड्याला तीन दिवस ऑफिस, कार्ड पंच करून. सवलतीसाठी अर्ज आहे. त्यात मागितलंय: घरी दोन स्वतंत्र इंटरनेट जोडण्या, चार तासांचा वीज बॅकअप आणि ग्राहक कंपनीची मंजुरी. खरी पंचाईत दोन जोडण्यांची आहे. गावातल्या केबलवाल्याचं १०० एमबीपीएसचं फायबर आहे आणि सोबत फोनचा हॉटस्पॉट. कागदावर दोन झाल्या. पण मागच्या महिन्यात मुसळधार पावसात, ऐन आउटेजच्या कॉलवर, दोन्ही एकदम गेल्या आणि मी ४० मिनिटं गायब होते. मॅनेजरने शब्दाने दुखवलं नाही, पण अर्जाचा विषय काढल्यावर त्यांना पहिल्यांदा तेच आठवलं.

दोन्हीचा रस्ता पुढे कुठेतरी एकच होत असणार अशी शंका आहे. दिवसभर दुसऱ्यांच्या नेटवर्कची रिडंडन्सी (एक रस्ता तुटला तर दुसरा आहे ना) तपासणारी बाई मी, आणि स्वतःच्या घराची माहीत नाही. हसा खुशाल. पण मला ऑपरेटरच्या आतलं काही दिसत नाही, मग घरात बसून खात्री कशी करू? आणि अजून एक: हॉटस्पॉटवर व्हीपीएन जोडलं जातं, चॅट चालतं, पण तिकिटांचं पान उघडताना नुसतं गरगरत राहतं. हे काय?

अर्ज मंजूर होण्यासाठी कोणी असं काही केलं असेल तर तेही सांगा. 'नोकरी सोड' हा सल्ला घरून मिळालेला आहे.

स्प्लायसर:

ताई, आमचं हायब्रिड म्हणजे अर्धा दिवस टॉवरखाली आणि अर्धा दिवस खड्ड्यात. तुमच्यासारखी तिकिटं आम्हाला येतात आणि आम्ही रात्री दोन वाजता बॅटरीच्या उजेडात फायबर जोडतो. असो, राग नाही.

खात्री करायची सोपी पद्धत आहे. नेट गेलं की फोनकडे बघा. टॉवर फुल दिसतोय पण नेट नाही, तर टॉवर जिवंत आहे आणि बहुतेक त्याच्या मागची लाइन तुटलीय. टॉवरच गायब झाला तर बहुतेकदा वीज किंवा बॅटरी. गावची वीज गेल्यावर दोन-चार तासांनी सिग्नल जात असेल तर बॅटरी उतरली आणि डिझेल टाकायला कोणी गेलं नाही. मागच्या महिन्यात काय झालं होतं?

दुसरं म्हणजे, दोन कंपन्यांची सिमं म्हणजे दोन टॉवर असं धरू नका. टॉवरचा सांगाडा, डिझेल, बॅटरी बऱ्याचदा तिसऱ्याच कंपनीची असते आणि वर दोघा-तिघांचे अँटेना लटकतात. अलार्म बघणारे हे विसरतात. फोनवर नेटवर्क बघायचं एखादं ॲप टाका, त्यात टायमिंग ॲडव्हान्स (टॉवर किती लांब आहे ते सांगणारा आकडा) दिसला तर ४जीला एक पायरी साधारण ७८ मीटरची धरा. १० आला तर टॉवर पाऊण किलोमीटरवर. सगळ्या सिमांना जवळपास तोच आकडा आला तर जाऊन डोळ्यांनी बघा. आणि केबलवाल्याच्या वायरीमागे खांब-खांब करत बाजारापर्यंत चाला. मी खोटं सांगत नाही, निम्मी उत्तरं खांबावर असतात.

माजघर:

टॉवर फुल होता! आणि नेट नव्हतं. म्हणजे मागची लाइन. रविवारी चालते.

कंदील:

विजेचं बोलतो. ओएनटी (फायबरची वायर घरात येते तो डबा) आणि राउटर मिळून १५-२० वॅट, लॅपटॉप ५०-६०. म्हणजे ८० वॅट धरा. १५० एएचची ट्युब्युलर बॅटरी नवी असेल तर पंखा न लावता दहा-बारा तास आरामात जाते, चार तासांचं काय घेऊन बसलात. भानगड वेगळीच असते. वीज जाऊन इन्व्हर्टर लागेपर्यंत जो झटका बसतो त्यात ओएनटी पुन्हा सुरू होतो आणि तुम्ही कॉलमधून बाहेर. त्यासाठी राउटरचा छोटा १२ व्होल्टचा यूपीएस मिळतो, तो मध्ये लावा.

पण खरा प्रश्न केबलवाल्याला विचारा: त्याचं जाळं पॉनचं आहे की मीडिया कन्व्हर्टरचं? पॉन असेल तर मध्ये फक्त काचेचे स्प्लिटर असतात, त्यांना वीज लागत नाही. त्याच्या ऑफिसात आणि तुमच्या घरात वीज असली की झालं. कन्व्हर्टरवाला असेल तर वाटेतल्या कुणाच्यातरी पडवीत विजेवर चालणारा नेटवर्कचा एक डबा (स्विच) लुकलुकत असतो. त्या पडवीची वीज गेली की तुमचा इन्व्हर्टर काय कामाचा? निसर्ग वादळानंतर (३ जून २०२०) आमच्याकडे मंडणगडला हे प्रत्यक्ष पाहिलंय. घरात बॅटरी भरलेली, आणि रस्त्यावर खांबच नाहीत.

रात्रपाळी:

तिकिटांचं पान गरगरतं ते एमटीयूमुळे असू शकतं, म्हणजे डेटाच्या एका पाकिटाच्या कमाल आकाराच्या मर्यादेमुळे. छोटी पाकिटं जातात, मोठी वाटेत अडकतात, म्हणून चॅट चालतं आणि पान उघडत नाही. कंपनीच्या लॅपटॉपवर तुम्हाला हात लावू देणार नाहीत, तेव्हा सिम टाकायचा वेगळा राउटर घ्या आणि त्यात एमटीयू १४०० करून बघा. नाही जमलं तर १३५०.

आता मंजुरीचं. मी आधी एका टेलिकॉमच्या कस्टमर केअरला होते. २०२० च्या आधी घरून कॉल घेणं म्हणजे कंपनीला दूरसंचार खात्याकडे बँक गॅरंटीपासून कागद करावे लागायचे, म्हणून कोणी त्या वाटेला जायचंच नाही. मार्च २०२० मध्ये ती अट तात्पुरती उठवली, नोव्हेंबर २०२० मध्ये नियमच मोकळे केले आणि जून २०२१ मध्ये आणखी. म्हणजे सरकारचा अडसर आता तसा नाही. तुमच्यासारख्या कामात अडतं ते ग्राहकाच्या करारात. कुठल्या देशातून, कुठल्या ठिकाणाहून नेटवर्कला हात लावायचा हे त्यात लिहिलेलं असतं. मॅनेजरला विचारा की करारात 'घरून' चालतं की ठिकाणांची यादी आहे. यादी असेल तर दापोलीचा पत्ता त्यात घालून घ्यायला ग्राहकाकडे मेल जावा लागतो आणि तो मॅनेजरच पाठवू शकतो. एचआरला कितीही फॉर्म भरून दिलेत तरी तो जाणार नाही.

हक्क म्हणून भांडायला जाऊ नका. घरून काम हा आपल्याकडे कायद्याने मिळालेला हक्क नाही. बाळंतपणाच्या रजेनंतरची तरतूद २०१७ मध्ये आली, तीसुद्धा कंपनी आणि बाईने आपसात ठरवायची आहे. आईवडिलांसाठी तेवढंही नाही.

टेक्सासकर:

इकडचं वारं सांगतो. एटी अँड टीने २०२३ मध्ये सुमारे ६० हजार मॅनेजरांची ऑफिसं नऊ ठिकाणी गोळा करायला घेतली आणि २०२५ पासून पाच दिवसांवर आणलं. माझी कंपनी दुसरी, पण मीटिंगमध्ये त्यांचं उदाहरण येतंच. लोकांना घरून काम करता यावं म्हणून फायबर विकायचं आणि आपल्या माणसाला ऑफिसात बोलवायचं, हा या धंद्याचा विनोद आहे. तेव्हा तीन दिवसांवर तडजोड होत असेल तर लवकर लेखी घ्या, पुढच्या वर्षी आकडा वाढू शकतो.

रात्रपाळी:

@टेक्सासकर, घाबरवू नका हो तिला. माजघर, एक सुचवते: महिन्याचे बारा-तेरा दिवस विखुरलेले मागण्यापेक्षा सलग मागा. दर आठवड्याला पुण्याला ये-जा केलीत तर पाठ आणि पगार दोन्ही संपतील.

माजघर:

चार दिवसांनी लिहितेय, सॉरी. बाबांचा फिजिओ बदलला, त्यात गेले.

रविवारी खांब चालले. लोकांनी विचारलं, 'काय गं, वायरमन झालीस?' पावणेदोन तास लागले. बाजाराच्या अलीकडे मोरीपाशी केबलवाल्याची वायर आणि टॉवरकडे जाणारं फायबर एकाच खांबावर येतात आणि तिथून पुढे सलग सोबत जातात. मागच्या महिन्यात तिथेच आंब्याची फांदी पडली होती, केबलवाल्यानेच सांगितलं. त्याचं जाळं पॉनचं निघालं, म्हणून विजेची काळजी कमी. तिन्ही मोबाइल कंपन्यांचे अँटेना त्या एकाच टॉवरवर. म्हणजे माझ्या 'दोन' जोडण्या गेलं वर्षभर एकच होत्या. ऑफिसात अशी रिंग कोणी दाखवली असती तर मी तिकीट परत पाठवलं असतं.

पण माडीवर गेल्यावर एका सिमला खाडीपलीकडच्या डोंगरावरचा टॉवर मिळतो. टायमिंग ॲडव्हान्स ५२ येतो, म्हणजे चार किलोमीटर. सिग्नल अगदी काठावर. त्या टॉवरला मायक्रोवेव्हचा गोल डबा दिसतो, तोंड खेडच्या बाजूला. निदान आमच्या खांबांवरचा फायबरचा रस्ता तो नसावा.

मॅनेजरशी बोलले. खांबांचे फोटो दाखवले तर ते पाच मिनिटं हसले आणि मग गंभीर झाले. ठरलं ते असं: दोन महिने चाचणी. महिन्यात सलग दहा कामाचे दिवस पुण्यात, बाकी इथून. ग्राहकाला मेल त्यांनी टाकलाय, उत्तर आलेलं नाही. पुण्याच्या दहा दिवसांत नवरा इथे येईल, तो त्याच्या कंपनीत काय सांगणार हा वेगळा धागा होईल. पावसात वरंधा बंद असतो, ताम्हिणीने यायचं, तेवढं सोसायचं.

आता एकच मदत हवी. बाहेरचा अँटेना लावून त्या लांबच्या टॉवरला धरायचं म्हटलं तर राउटर जवळच्या फुल सिग्नलवर उडी मारणार. त्याला अडवायचं कसं?

स्प्लायसर:

सेल लॉक होणारा राउटर घ्या, म्हणजे ठरावीक टॉवरलाच चिकटून राहणारा. नुसता बँड लॉक (ठरावीक फ्रिक्वेन्सीचा पट्टा) असून भागत नाही, दोन्ही टॉवरवर तोच बँड असला तर तो जवळचाच धरेल. अँटेना दिशेचा घ्या, दोन केबलवाला, आणि केबल जितकी आखूड तितकी बरी. राउटरच माडीवर नेऊन ठेवा, खाली लॅनची वायर सोडा. पावसात मायक्रोवेव्ह थोडा दबतो, पण तुमच्या आंब्याच्या फांदीपेक्षा परवडला.

आणि कॉलचा आवाज लॅपटॉपवर घेऊ नका. ब्रिजला साधा डायल-इन नंबर असेल तर फोनवरून लावा, म्हणजे लॅपटॉपचं नेट अडखळलं तरी निदान 'मी आहे' म्हणता येईल.

माडीवरून खाडीकडे बघताना समोर काय येतं?

माजघर:

दोन माड. एक शेजारच्या काकांचा.

स्प्लायसर:

मग अँटेना नंतर. ओली झावळी सिग्नल खाते. आधी काकांना भेटा.