मदत हवी आहे : दुर्बिणीतून तेजोमेघ दिसतच नाही

माणदेशी
तीन रात्री घालवल्या, तेजोमेघ (आकाशातला वायू-धुळीचा फिका ढग) काही सापडत नाही. चंद्रावरची विवरं, गुरूचे चार उपग्रह सगळं लख्ख दिसतं, म्हणजे दुर्बीण ठीक आहे. मोबाईलवरचा नकाशा बघून बरोबर जागेवर लावतो, तरी नुसतं राखाडी आकाश आणि दोनचार ठिपके. पुढच्या शुक्रवारी परत गावी जातोय, तेव्हा दिसलाच पाहिजे. काय चुकतंय? कृपया लवकर सांगा.

रात्रपाळी
कुठला तेजोमेघ? दुर्बीण केवढी, आयपीस (डोळा लावायचं भिंग) कुठली, बघताय कुठून? एवढं कळल्याशिवाय काय सांगणार?

खगोलवेडा
ऑक्सिजन-३ फिल्टर घ्या. मी घेतला आणि माझं आकाशच बदललं. बाकी काही करायची गरज नाही.

माणदेशी
एम-१ (मेसिएच्या यादीतला पहिला), खेकडा तेजोमेघ. १३० मिमी आरशाची दुर्बीण, फोकल लेंग्थ ९०० मिमी. गाव माण तालुक्यात, वस्तीपासून लांब, शेतात. अंधाराचा प्रश्नच नाही. १० मिमीची आयपीस लावतो, त्यावर दोन पटीचं बार्लो (प्रतिमा वाढवणारं जोडभिंग), म्हणजे मोठा दिसेल.

रात्रपाळी
इथेच गडबड आहे. फोकल लेंग्थ भागिले आयपीस, ९०० भागिले १० म्हणजे ९० पट, बार्लोने १८० पट. एवढ्या मोठेपणाला जेमतेम अर्धा चंद्र मावेल इतकाच आकाशाचा तुकडा दिसतो. त्यात नेम धरणं अवघड, आणि प्रतिमा पसरल्यामुळे आधीच फिका असलेला तेजोमेघ आणखी फिका होतो. बार्लो पेटीत ठेवा. सोबत २५ मिमीची आयपीस आली असेल, ती लावा. ३६ पट पुरे.

रोहिणीच्या पलीकडे वृषभाची दोन शिंगं आहेत. दक्षिणेकडच्या शिंगाच्या टोकाला तिसऱ्या प्रतीचा (प्रत म्हणजे तेजाचा आकडा, जितका मोठा तितकं फिकं) तारा आहे, झीटा टॉरी. तो आधी फाइंडरमध्ये (दुर्बिणीवरच्या नेम धरायच्या साधनात) धरा. एम-१ त्याच्यापासून साधारण १ अंश वायव्येला आहे. तारा पूर्वेच्या आकाशात असताना ती दिशा म्हणजे वर आणि डावीकडे. पण तुमच्या दुर्बिणीत सगळं उलटं दिसतं, हे विसरू नका. ३६ पटीला तारा आणि तेजोमेघ एकाच दृश्यात कसेबसे बसतात, तारा कडेला सरकवला की.

जुनाजाणता
फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ मेसिएने १७५८ साली धूमकेतू शोधताना हा शोधला. धूमकेतूसारखा दिसतो पण जागचा हलत नाही, म्हणून पुन्हा फसगत नको या विचाराने त्याने यादी सुरू केली. एम-१ ला पहिला क्रमांक का, ते यावरून कळेल.

भिंगरी
यादीचं बरोबर आहे, पण शोध मेसिएचा नाही. जॉन बेव्हिस या इंग्लिश डॉक्टरने १७३१ मध्येच तो पाहिला होता. पुढे मेसिएनेही त्याचं श्रेय मान्य केलं. आणि ताऱ्याच्या ज्या स्फोटातून हा तेजोमेघ झाला, तो चिनी निरीक्षकांनी १०५४ सालीच नोंदवून ठेवला होता. २३ दिवस तो तारा दिवसाढवळ्या दिसत होता!

जुनाजाणता
मान्य. दुरुस्तीबद्दल आभार. अवांतर: 'तेजोमेघ' म्हणावं की 'अभ्रिका'? आमच्या वेळच्या पुस्तकांत अभ्रिका असे.

काक्षी
अवांतर नंतर. खगोलवेडा, तुमच्या फिल्टरबद्दल. तो ऑक्सिजनच्या दोन हिरव्या रेषांचा प्रकाश येऊ देतो आणि बाकीचा अडवतो. खेकड्याचा बराचसा प्रकाश त्या रेषांमधला नाही. चुंबकीय क्षेत्रात प्रचंड वेगाने फिरणाऱ्या इलेक्ट्रॉन्सचा तो प्रकाश आहे, सगळ्या रंगांत पसरलेला. १३० मिमीच्या दुर्बिणीला ऑक्सिजन-३ लावलात तर आकाशाबरोबर तेजोमेघही काळा व्हायचा. त्यांचे पैसे वाया घालवू नका.

खगोलवेडा
वाया कसे? १८६४ मध्ये विल्यम हगिन्सने मांजरडोळा तेजोमेघाचा वर्णपट पाहिला, तेव्हा ताऱ्यांसारखा अखंड पट्टा न दिसता मोजक्या रेषा दिसल्या. त्यांतली ठळक रेषा कुठल्या मूलद्रव्याची हे कोणाला कळेना, म्हणून 'नेब्युलियम' असं नावही देऊन झालं. ती ऑक्सिजनचीच आहे, हे आयरा बोवेनने १९२७ मध्ये दाखवलं. माझा फिल्टर नेमक्या त्याच रेषेवर चालतो. मी त्यातून डंबेल तेजोमेघ पाहिलाय, थक्क झालो.

काक्षी
डंबेलला चालणारच, तो ग्रहीय तेजोमेघ आहे, म्हणजे मरणाऱ्या ताऱ्याने सोडलेला वायू, आणि त्याचा प्रकाश अशाच रेषांत असतो. इथे प्रश्न खेकड्याचा आहे.

पिक्सेल
डोळ्याने बघायचा अट्टहास कशाला? कॅमेरा लावा. १८८० मध्ये हेन्री ड्रेपरने मृगातल्या तेजोमेघाचा पहिला फोटो घेतला, त्याला ५१ मिनिटांचं एक्स्पोजर लागलं. फोटोची काचेची प्लेट प्रकाश साठवत जाते, डोळा साठवत नाही. अश्वमुख तेजोमेघ तर विल्यमिना फ्लेमिंगना १८८८ मध्ये प्लेटवरच सापडला. अर्ध्या तासाचे फोटो एकावर एक रचा, खेकड्याचे लाल धागेसुद्धा येतील.

माणदेशी
फोटो नकोत, ते जालावर हवे तेवढे आहेत. वडिलांना दाखवायचा आहे. अण्णा गावच्या शाळेत शिक्षक होते. १०५४ चा तारा दरवर्षी मुलांना शिकवला, पण तेजोमेघ स्वतः कधी पाहिला नाही. आता वय ७८, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय. स्क्रीनवर दाखवला तर म्हणतील, हे पुस्तकात होतंच की.

भाचेमामा
भाच्याला नववं लागतंय. पाच हजारांत कुठली दुर्बीण घ्यावी?

रात्रपाळी
@भाचेमामा, चांगली द्विनेत्री घ्या. सविस्तर वेगळ्या धाग्यावर विचारा.

काक्षी
माणदेशी, हे आधी सांगायला हवं होतं, उत्तर त्यावर अवलंबून आहे. वयाबरोबर बाहुली अंधारातही पूर्वीइतकी उघडत नाही. पण १३० मिमी आणि ३६ पट म्हणजे आयपीसमधून बाहेर पडणारी प्रकाशाची शलाका साधारण ३.६ मिमी रुंद. तेवढी अण्णांच्या बाहुलीत जायला हरकत नसावी. फोकस त्यांच्या डोळ्याप्रमाणे त्यांनाच करू द्या.

एक राहिलं. त्या तीन रात्री कुठल्या होत्या?

माणदेशी
वाडीवर दत्ताची यात्रा असते, सगळे जमतात. दत्तजयंतीची रात्र आणि पुढच्या दोन.

काक्षी
अहो, दत्तजयंती म्हणजे मार्गशीर्ष पौर्णिमा! त्या दिवशी पूर्ण चंद्र मृगशीर्षाच्या आसपास असतो, म्हणून तर महिन्याचं नाव मार्गशीर्ष. आणि खेकडा तिथून हाकेच्या अंतरावर. पुढच्या दोन रात्रीही चंद्र फारसा लांब जात नाही. आकाशातला सगळ्यात झगझगीत दिवा पेटवून तुम्ही त्याच्याच शेजारी ८.४ प्रतीचा धूसर डाग शोधत होतात. ते राखाडी आकाश चांदण्यामुळे होतं. माणदेशचा अंधार असून उपयोग नाही.

माणदेशी
हे डोक्यातच आलं नाही. पुढचा शुक्रवार अमावास्येचा आहे.

रात्रपाळी
मग बेत असा ठेवा. आठ-साडेआठला बघा. नंतर वृषभ जवळजवळ डोक्यावर येतो, तिथे दुर्बीण वळवायलाही त्रास आणि अण्णांच्या मानेलाही. खुर्ची न्या. अर्धा तास मोबाईल बंद. उजवा डोळा लावणार असतील तर नजर किंचित उजवीकडे न्यायला सांगा, सरळ डागावर रोखायची नाही. अंधारात बघणाऱ्या पेशी दृष्टीच्या मध्यावर नसतात, बाजूला असतात. आणि रंगाची आशा नको. राखाडी, लांबट ठसा, चंद्राच्या व्यासाच्या पाचव्या हिश्शाएवढा.

आधी मृगातला तेजोमेघ दाखवा, बाणाच्या दक्षिणेला. तो कोणालाही दिसतो, डोळा सरावतो, धीर येतो.

माणदेशी (नऊ दिवसांनी)
धागा वर काढतोय. शुक्रवारी पावणेनऊला सापडला. आधी मला, झीटा कडेला सरकवून. दुर्बीण बोटाने हलकेच टिचकवली तेव्हा डाग हलताना उठून दिसला. अण्णांना मृगातला लगेच दिसला, मधले चार तारेही त्यांनी मोजले. खेकड्याला दहा-बारा मिनिटं लागली. मी काही बोललो नाही. मग म्हणाले, "नजर काढली की येतो, रोखली की जातो." तेव्हा खात्री पटली, कारण हे मी त्यांना सांगितलंच नव्हतं, फक्त जरा उजवीकडे बघा म्हटलं होतं. नंतर थंडी वाढली तरी उठायला तयार नव्हते. हे किती लांब, म्हणून त्यांनीच विचारलं आणि त्यांनीच सांगितलं: ६,५०० प्रकाशवर्षं.

रात्रपाळी, काक्षी, तुमचे दोघांचे मनापासून आभार. आता अण्णा विचारतायत, अभिजित ताऱ्याजवळचा कंकण तेजोमेघ कधी दिसेल?

काक्षी
मे महिन्यात, अमावास्येच्या आसपास, मध्यरात्रीच्या सुमाराला. स्वरमंडळ या तारकासमूहातल्या (अभिजित त्यातलाच) बीटा आणि गॅमा ताऱ्यांच्या मधोमध. छोटं आहे, त्याला मात्र १० मिमीची आयपीस लावा.