प्रेमकथा होकारापाशीच का थांबावी?

रोजच्या आयुष्यात नाट्य नसतं, म्हणून प्रेमकथा होकारापाशी संपवावी लागते, असं काही जण म्हणतात; मला ते पटत नाही. नाट्य असतं, फक्त खालच्या पट्टीत.

अमेरिकन दिग्दर्शक रिचर्ड लिंकलेटर यांची 'बिफोर' ही तीन चित्रपटांची मालिका घ्या. १९९५, २००४ आणि २०१३. दर नऊ वर्षांनी तीच दोन पात्रं आणि तेच कलाकार, ईथन हॉक आणि ज्युली डेल्पी. पहिल्या भागात व्हिएन्नात रात्रभर गप्पा, तिसऱ्यात हॉटेलच्या खोलीतलं लांबलचक भांडण. मुलांचं कोण बघतं, कुणी कशावर पाणी सोडलं, सगळे जुने हिशेब निघतात. मला तिसरा भागच सर्वांत जास्त प्रेमाचा वाटतो (पहिला आवडणाऱ्यांनी रागावू नये). इतकं नेमकं बोचणारं तेच माणूस बोलू शकतं, ज्याने आपल्याला वर्षानुवर्षं लक्ष देऊन ऐकलेलं असतं.

आपल्या लेखकांनीही हे लिहावं असं मनापासून वाटतं. दोन दिवस अबोला चालू आहे, आणि तरी संध्याकाळी 'पोचलीस का?' एवढाच मेसेज येतो. तो पाठवण्याआधी त्याने कितीदा खोडला असेल? मला ती कथा वाचायची आहे.